आईला न सांगितलेली लढाई

बाबा, तुला जाऊन अकरा वर्षं झाली आणि माझा राग अजून गेलेला नाही, हे आधीच सांगते.

नौदलातून कायमचा घरी आलास तेव्हा तुझा डावा कान बहिरा झाला होता. "इंजिनाच्या आवाजानं गेला," एवढंच तू आईला सांगितलंस. ती वर्षानुवर्षं लसणीचं तेल कोमट करून त्या कानात घालत राहिली. तुझं डोकं मांडीवर घेऊन ती विचारायची, "लढाईत तुमी काय करत होते वो?" आणि तू डोळे मिटून म्हणायचास, "सांगायचा हुकूम नाय. तेल घाल." पुढे कुंभवलीच्या एका कारखान्यात वॉचमन झालास. घरात भांडं पडलं तरी अंगावर धावून यायचास. आई आम्हालाच गप्प करायची. केळव्याला बोंबील वाळवता वाळवता ती म्हातारी झाली आणि तुझ्या लढाईचं काही न कळताच गेली.

त्यानंतर दोन वर्षांनी मुंबईहून इतिहासाचे एक प्राध्यापक आले. आता बोलायला हरकत नाही, हे त्यांनी तुला पटवलं. मग तू थांबलाच नाहीस. शाळा, कॉलेजं, शाली, नारळ.

पालघरच्या एका शाळेत मी मागच्या बाकावर बसून पहिल्यांदा ऐकलं. तू आणि तुझा जोडीदार पाण्याखालून शत्रूच्या जहाजाच्या बुडाला सुरुंग चिकटवायला गेलात. तो वेळेआधी फुटला. जोडीदार परत आला नाही, आणि त्याच धक्क्याने तुझा कान गेला. जहाजावरच्या माणसांचं ओरडणं सांगताना तू रडलास. आईच्या तिरडीमागे तर कोरडा चालला होतास. एका मुलीने विचारलं, "आजोबा, भीती नाही वाटली?"

"वाटली ना. बायकोचं नाव घेत पोहत आलो. तिच्यामुळंच जगलो."

परतताना रिक्षात मी विचारलं, "हे आयेला का नाय सांगितलंस?"

तू बाहेर बघत म्हणालास, "तिनं कदी विचारलं नाय."

त्या दिवसापासून मी तुझ्याशी बोलणं टाकलं. ताट वाढलं, औषधं दिली, पण शब्द नाही. शेवटच्या आजारात तू हाका मारायचास, तेव्हा मी मुद्दाम तुझ्या डाव्या बाजूला उभी राहून हळूच ओ द्यायचे. तुला वाटायचं, कोणी आलंच नाही.

परवा मनोरच्या एका शाळेने तुझ्याबद्दल बोलायला मला बोलावलं. आईचंच सगळं सांगायचं, असं ठरवून गेले होते. वर्गाच्या बाईंनी तुझी गोष्ट मुलांना आधीच सांगितली होती. मी बोलायला उभी राहताच एका मुलाने विचारलं, "तुमच्या आईला हे माहीत होतं का?" मुलं माना वर करून बघत होती.

"होतं की," मी म्हणाले. "घरी आल्या आल्या बाबाने तिला सगळं सांगितलं. ती खूप रडली. मग त्याला तांदळाची भाकरी आणि सुरमईचं कालवण वाढलं." कुठून सुचलं कोण जाणे, पण सुरमईपर्यंत सुचलं. बाई डोळे पुसत होत्या. टाळ्या थांबेनात.

हा कागद मी कोणालाही दाखवणार नाही. दाखवला तर ते खोटं उघडं पडेल. बोईसरच्या शाळेतूनही फोन आला होता. मी हो म्हटलं. टाळ्या ऐकून मला बरं वाटलं होतं, बाबा.