ओल्या नॅपकिनखालचा कॅमेरा

आदरणीय याकोबदादा यांस,

भिंगारहून नॅथनचा मनापासून सलाम, आणि तुमच्या बहिणीचा, दयाचाही (ती आत कैऱ्या किसते आहे, पण सलाम सांग म्हणाली). तुमचा गुडघा कसा आहे? वहिनींची खोकल्याची उबळ थांबली का? श्रीरामपुरात ऊन किती, हे विचारण्यात अर्थ नाही. इथे जेवढं आहे तेवढंच तिथेही असणार. आमच्याकडे दुपारी टाकीतल्या पाण्याने हात धुतले तर चहाच करावासा वाटतो. बाकी प्रभूच्या कृपेने सर्व ठीक आहे.

पत्रास कारण की, मला गाडीत बसवायला एक कॅमेरा हवा आहे. फोनवर हे बोललो असतो, पण फोन दयाच्या कानाच्या टप्प्यात असतो, म्हणून लिहितो. तुम्ही शिर्डीच्या विमानतळावरून भाविकांची ने-आण करता आणि तुमच्या काचेवर असा कॅमेरा दोन उन्हाळे टिकलेला मी स्वतः पाहिला आहे. कोणता आहे तो? स्वस्त हवा, आणि मुख्य म्हणजे उन्हात टिकणारा हवा. आतापर्यंत दोन झाले. त्यांची हकिगत सांगितल्याशिवाय माझी अडचण तुम्हाला कळायची नाही, तेव्हा जरा दमाने वाचा.

ईस्टरला एंजल पुण्याहून आली होती. घरात पाऊल टाकण्याआधी तिने आमच्या गाडीभोवती एक फेरी मारली. उजव्या दाराला ओरखडा, मागच्या बंपरला पोचा, आणि आरशाजवळ एक खूण, जी मला तोवर माहीतच नव्हती. रात्रीच्या जेवणाला बसल्यावर ती शांतपणे म्हणाली, "पप्पा, आणखी एक ओरखडा निघाला की किल्ली माझ्याकडे." जिच्या सायकलचं सीट धरून मी कॅन्टोन्मेंटच्या मैदानावर धापा टाकत पळालो, तिने मला हे सांगावं! मी आयुष्यभर भूगोल शिकवला. मी रस्ता चुकतो असं आजवर कोणी म्हणालं नाही. मी तिला सांगितलं की हे सगळे ओरखडे दुसऱ्यांनी काढलेले आहेत. ती म्हणाली, सिद्ध करा. किल्ली गेली म्हणजे रविवारची उपासना, दयाचा गायनवर्ग आणि राहुरीला बनुबाई मावशींकडची फेरी, सगळंच रिक्षावाल्याच्या मर्जीवर. म्हणून मी साक्षीदार नेमायचं ठरवलं.

पहिला साक्षीदार मी सर्वांत स्वस्तातला घेतला. चार दिवस त्याने इमानाने काम केलं. पाचव्या दिवशी चर्चच्या आवारात गाडी उन्हात उभी राहिली (सावलीची जागा पाळकसाहेबांच्या गाडीला असते, आणि ते योग्यच आहे). उपासनेनंतर आम्ही गाडीत बसलो. तुमच्या घरची पद्धत तुम्हाला मी काय सांगावी? किल्ली फिरवण्याआधी प्रार्थना. मामंजींनी घालून दिलेला नियम दया अजून मोडत नाही, दळण आणायला निघालो तरी मोडत नाही. तर तिने डोळे मिटून सुरुवात केली आणि कॅमेरा काचेवरून सुटून थेट तिच्या मांडीवर पडला. उन्हाने त्याची रबरी वाटी सैल झाली होती आणि पोटातली बॅटरी पुरीसारखी टम्म फुगली होती. दयाने डोळे न उघडता तो बाजूला ठेवला आणि आमेनपर्यंत गेली.

मग मी कापडबाजाराच्या मागे कल्याणच्या दुकानात गेलो. तो माझा जुना विद्यार्थी. त्याने सांगितलं की आपल्याकडच्या उन्हात बॅटरीचा कॅमेरा घेऊच नये, कपॅसिटरचा घ्यावा, म्हणजे पोटात फुगायला बॅटरीच नाही. तो वाटीने नाही, डिंकपट्टीने चिकटवावा. कार्डही साधं नको, उष्णता सोसणारं घ्यावं. आणि पडद्याचा आकार बघून भुलू नये. हे सगळं त्याने मला दोनदा समजावलं, कारण पहिल्यांदा मी त्याला मान्सूनची उत्पत्ती समजावत होतो. दुसरा कॅमेरा तो असा आला, आणि कल्याणने तो थेट गाडीच्या बॅटरीला जोडून दिला, म्हणजे दार उघडलं की किल्लीच्याही आधी चालू. उत्तम होता. पण दादा, एकदा बॅटरी फुगलेली पाहिल्यावर विश्वास बसत नाही. शिवाय बाष्पीभवनाने थंडावा येतो हे मी इतकी वर्षं फळ्यावर लिहिलं ते काय उगाच? माठाला ओलं फडकं गुंडाळतात, तसा मी गाडी उभी असताना कॅमेऱ्यावर ओला पांढरा नॅपकिन पिळून टाकू लागलो. निघताना तो काढायचा, एवढंच.

आता निघताना काय होतं ते तुम्हाला ठाऊक आहे. निघताना प्रार्थना होते. डोळे मिटतात, आमेन होतं, किल्ली फिरते. नॅपकिन तिथेच. गेल्या आठवड्यात मावशींकडे निघालो तेव्हा हेच झालं, आणि राहुरीच्या अलीकडेपर्यंत माझ्या नाकासमोर पांढरा नॅपकिन लोंबत होता हे माझ्या लक्षात आलं नाही. (दयाला दिसत होता. तिला वाटलं, ही यांची काहीतरी भूगोलातली युक्ती असेल.)

राहुरीच्या अलीकडे कांद्याचा एक टेम्पो उजवीकडे वळला आणि आमचा डावा आरसा त्याच्या फाळक्याला लागून फुटला. मी खाली उतरलो तो जिंकल्याच्या आनंदात. टेम्पोवाला सूर्यभान म्हणून होता, माझ्यापेक्षा दुप्पट रुंद. तो म्हणाला, "ओ सर, कवाधरनं इंडिकेटर दिल्ता की! बगितला न्हाई व्हय?" मी म्हणालो, वादच नको, कॅमेरा आहे. चहाच्या टपरीवरची चार माणसं न्यायनिवाडा बघायला गोळा झाली. मी सगळ्यांना दाराशी बोलावलं, नॅपकिन ओढून बाजूला टाकला आणि कॅमेरा जागेवरच चालू केला. पडद्यावर शुभ्र पांढरं. मागे सारलं तरी पांढरं, पुढे सारलं तरी पांढरं. पण आवाज मात्र खणखणीत होता, आणि तो दयाचा होता, "अहो, टेम्पो. टेम्पो वळतोय, उजवा इंडिकेटर लागलाय. अहो, ब्रेक! ब्रेक!" आणि त्यावर माझा आवाज, "दिसतंय मला." आणि मग आरसा.

सूर्यभान मोठ्याने हसला. "सर, बाईंनी बगितलं हुतं. तुमी न्हाई बगितलं," म्हणाला. टेम्पोला काही झालेलं नव्हतं. त्याने वर आम्हाला ओंजळभर कांदे दिले आणि दमानं जा म्हणाला. मी कांदे घेतले. दुसरं काय करणार?

घरी आल्यावर, दया मावशींनी दिलेली भाजी निवडत असताना, मी मागच्या खोलीत बसून, कॅमेऱ्यातलं कार्ड फोनला लावून, ते सगळं रेकॉर्डिंग पहिल्यापासून ऐकलं. चित्र नाहीच, नुसता आवाज. दादा, मी तुमच्याजवळ कितीदा कुरकुरलो आहे की तुमची बहीण गाडीत तोंडाला कुलूप लावत नाही, तिची टकळी स्टिअरिंगपेक्षा जास्त चालते? तुम्ही दर वेळी हसलात. ती टकळी मी पहिल्यांदा नीट ऐकली. डावीकडं खड्डा. पुढं शाळेची पोरं. लाल लागलाय. म्हातारेबुवा रस्ता ओलांडतायत, थांबा. आणि प्रत्येक वेळी, ती सांगून झाल्यावर, माझा तोच आवाज, "दिसतंय मला." विळद घाटात ती पाणी प्यायला थांबली, तेवढ्यात गाडी गतिरोधकावरून उडाल्याचा दणका ऐकू आला. गाडी मी चालवत नव्हतो. मी नुसता धरून बसलो होतो.

पण मला लिहायचं होतं ते वेगळंच. रेकॉर्डिंगच्या अगदी सुरुवातीला तिची प्रार्थना आहे. लग्नापासून ती मी रोज ऐकतो, म्हणजे ऐकत नाही. तेवढ्यात माझ्या मनात पेट्रोल आणि हवा चालू असते. ती म्हणाली होती, "बापा, यांना दिसत नाही ते मला दिसू दे. आणि मी सांगितलेलं यांना राग न येता ऐकू येऊ दे. यांचा मान राहू दे, आणि रस्त्यावरच्या कोणाला आमच्यामुळे लागू देऊ नको." तिला केव्हापासून माहीत असेल? मला ती कधी बोलली नाही, एंजललाही नाही. मी ते मागे सारून पुन्हा ऐकलं. मला स्वतःची लाज वाटली, आणि तिच्याविषयी असं काही वाटलं जे या वयात पत्रात लिहिणं बरं दिसत नाही, तरी लिहितो: मला तिची फार माया आली. दया भाजी निवडून झाल्यावर येऊन म्हणाली, काय ऐकताय? मी म्हणालो, बातम्या.

असो. नॅपकिनचं पाणी मुरून दुसरा कॅमेराही आता बंद पडला आहे, तर तुमचा कोणता ते कळवा. वहिनींना सलाम.

तुमचा,
नॅथन

ता. क. माझ्या डोळ्यांविषयी काळजी करू नका. नगरला दाखवून आलो. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे, एकात चांगलाच पिकलेला. डॉक्टरांनी विचारलं, गाडी कोण चालवतं? मी म्हणालो, बायको. हे खोटं नव्हतं.

ता. क. २. दोन्ही डोळ्यांचं ऑपरेशन होऊन डॉक्टर हो म्हणेपर्यंत स्टिअरिंगला हात लावायचा नाही, असं मी एंजलला स्वतःच फोन करून सांगितलं. ती रडली. किल्ली घ्यायला ती रविवारी आली, तर किल्ली दयाच्या पर्समध्ये. दयाने दिली नाही. तिने शिकाऊ लायसन काढलं आहे. म्हणाली, रस्ता मला पाठ आहे, फक्त पाय कुठे ठेवायचे ते शिकायचंय. म्हणून खरी विनंती ही, की गुडघा बरा असेल तर आठवडाभर येऊन राहा आणि बहिणीला गाडी शिकवा. मी शिकवायला गेलो तर ती ऐकणार नाही, आणि तिचं बरोबर आहे.

ता. क. ३. कॅमेरा मात्र ज्याचा आवाज बंद करता येतो असाच बघा. आता तिचे दोन्ही हात स्टिअरिंगवर असणार, तेव्हा निघतानाची प्रार्थना माझ्याकडे आली आहे. ती तिने नंतर कधी एकटीने बसून ऐकावी, असं मला वाटत नाही.