सोमवारची गोळी

सेजल बाय,

मी आमोण्याला बहिणीकडे जातो. तोंडावर सांगायचं धाडस नाही.

हाडांची ती सोमवारची गोळी! शी, बघितली तरी मळमळतं. ती घेऊन अर्धा तास ताठ बसायचं, चहासुद्धा नाही, आणि नेमका तेव्हाच पोदेर गरम पाव घेऊन दारात. चार महिने मी एकही गिळली नाही, सगळ्या जास्वंदीच्या मुळात पुरल्या.

मनगट उशी झटकताना मोडलं, तुला रंगवून सांगितलं तसं गव्याशी झुंजताना नव्हे. डॉक्टरांनी ते ओळखलं, आणि गोळी लागू पडत नाही असं समजून ते आज मला रोजचं इंजेक्शन लिहून देणार. त्यांना आधी खरं सांग.

पुढल्या सोमवारी तुझ्यादेखत गिळीन. तो अर्धा तास मात्र माझ्या गोष्टी ऐकाव्या लागतील.

तुझा सासरा,
शिवदास