अंगठ्याचा खड्डा

मंगळ. ८ जुलै
लिहीन लिहीन म्हणत आठवडा घालवला. पेन उचललं की बाहेरून कुणीतरी हाक मारतं, मला तेवढंच निमित्त. आज बसलोय, कारण जे बघितलं ते लिहिल्याशिवाय राहवेना.
मावशीच्या शेंगाचटणीची काचेची बरणी, कमरेला अंगठ्याएवढा खड्डा असलेली, तशीच्या तशी नवी पेठेत, बसू नावाच्या चटणीवाल्याच्या दुकानात. लोक "अंगठ्याची चटणी द्या" म्हणतात नि बसू स्वतःची देतो. हा खड्डा मावशीचा. कणकेच्या गोळ्यात अंगठा दाबून तिनं साचेवाल्याला दाखवला होता.
"माझा अंगठाच कापून नेला की रं त्यानं!"

गुरु. १०
मावशीला घेऊन जुळे सोलापूर भागात वकीलबाईंकडं. उशीर माझ्यामुळं. वाटेत एकजण रिक्षाचं इंजिन खोलून बसला होता, बघत राहिलो.
बरणीच्या आकाराला ट्रेडमार्क मागितलाय, त्यावर ट्रेडमार्क कचेरीची हरकत आली: खड्डा कामाचा दिसतो. बाई म्हणाल्या, "ट्रेडमार्क ओळखीला असतो. जो आकार काम करतो, तो कायमचा एकट्याला देत नाहीत. कामाला पेटंट, पण ते बरणी बाजारात आणायच्या आधी मागायचं असतं." मग सरळच, "मावशी, खड्डा कशाला केलात?"
मावशीच्या आधी मीच, "शोभेला."
मावशीनं वळून माझ्याकडं बघितलं. बाई तिच्याकडंच बघत. "तसं असेल तर प्रतिज्ञापत्र करू. सही तुमची. सोमवारी उत्तर जायला हवं."

शुक्र. ११
रोज पहिल्या गिऱ्हाइकापुढं मावशी तेलात हात बुडवून बरणी उचलते. "बघा, निसटती का?" आज मी तेलाचं भांडं लपवलं. बोर्डावरचं 'तेलकट हातातनं न निसटणारी' चुन्यानं पुसलं. पुसताना सारखं मागं बघत होतो.
मावशी : "चोरी त्यानं केली, आन् लपवायलोय आपण."

रवि. १३
नवी पेठ. गेलो होतो चपला घ्यायला. बसूच्या दुकानापुढं गर्दी. तोही हात तेलात बुडवून, मावशीचंच वाक्य, "बघा, निसटती का?"
निसटली! काचा, चटणी, लोक हसायले. त्याचा खड्डा उथळ, जरा वर. दिसायला आपला, पण अंगठा बसत नाही.
धावत येऊन मावशीला सांगितलं. ती हसलीच नाही.
"मंग शोभेचा कसा रं आपला?"
तेव्हा कुठं माझी ट्यूब पेटली: शोभेचा खड्डा बसूचा, आपला कामाचा. चपला राहिल्याच.

सोम. १४
कागद समोर, सही नाही. वकीलबाईंचे दोन फोन.
मावशी : "परत वाच." वाचलं : 'सदर खोलगट भागाचा कोणताही उपयोग नाही.' मावशी अंगठा बघत बसली.
"सही न्हाय केली तर?"
"कुणीपण अशी बरणी काढंल."
"आन् केली तर?"
"बरणी आपली. पण शपथेवर खोटं, नि तेलाचं भांडं कायमचं लपवलेलं."
आत्ता बाहेर स्कूटर थांबली. बसू! एकटाच. तळहाताला पट्टी, बगलेत त्याची बरणी. दारातच उभाय, चप्पल काढू का नको करत.
मावशीनं पेन बाजूला सारलं. मला म्हणाली, "त्ये तेलाचं भांडं कुटं ठेवलंयस? आण हिकडं. ह्येचा अंगठा कुटं बसतो बघू."