खाली राहिलेला हात

इचोडा,
१८ ऑगस्ट २०२४

ति. बाबा यांस,
सविनय जयभीम.

तुमच्या कानातलं यंत्र आणि माझा आवाज यांचं फोनवर काही जमत नाही, म्हणून हुकमाप्रमाणे पत्र लिहायला बसले आहे. मात्र लाल पेनाने चुका काढून ते परत पाठवू नका. मी आता कॉलेजात राज्यशास्त्र शिकवते, पोरी हसतील.

काल गावी, तलमडुगूला जाऊन आले. आपलं घर ओळखू येत नाही. तुमच्या खाटेच्या जागी सतरंज्या आल्या आहेत आणि आतल्या खोलीत भिंतभर पुस्तकं. शाळा-कॉलेज सुटलं की गावातली पोरं येतात आणि अंधार पडून गेला तरी गुमान वाचत बसतात. गावाला अभ्यासिकेसाठी घर देऊन टाकलंत, ते कारणी लागलं.

शेजारच्या विमलबाई मात्र फणकारल्या आहेत. गुरुजींले काऊन धाडलं तिकडं, आमी का मेलो होतो इथं, असं त्यांनी मला दारातच सुनावलं. मी सांगितलं की तुम्ही अंगणात पडलात, एकटे होतात, म्हणून हैदराबादला दादाकडे ठेवायचं असं आम्ही सगळ्यांनी हात वर करून ठरवलं. त्यांना आपल्या घरची रीत काय कळणार! पौर्णिमेची वंदना झाली की गोल बसायचं, प्रश्न मांडायचा आणि हात वर करताना स्वतःचं सुख बघायचं नाही, बाकीच्यांचं बघायचं. जास्त जणांचं भलं ज्यात, ते करायचं. अंगणातलं बोरीचं झाड तोडून तिथे न्हाणी बांधायची ठरली तेव्हा माझ्या एकटीचा हात खाली होता. तुम्ही मला मांडीवर घेऊन खूप समजावलंत, आणि मग झाड तोडलंत. आई सांगायची, मी दोन दिवस त्या न्हाणीत आंघोळच केली नाही.

या वेळी कुणाचाच हात खाली नव्हता, त्यामुळे मी निश्चिंत आहे. हैदराबाद मानवलं ना? दादा-वहिनींना जयभीम. माया आहे ती अशीच दाट राहू द्या.

तुमची,
प्रगती


हैदराबाद,
२ सप्टेंबर २०२४

चि. प्रगतीस,
बाबांचा जयभीम आणि मंगलकामना.

पत्र पोचलं. चुका आहेत, पण पोरींच्या भीतीने दाखवत नाही.

मी मजेत आहे. घर चौथ्या मजल्यावर. अमरदीप आणि वृषाली सकाळीच कामाला जातात आणि दिवेलागणीनंतर दमून येतात. आल्यावर माझ्याजवळ बसतात बिचारे, म्हणून मी लवकर डोळे मिटून घेतो, म्हणजे त्यांनाही पाठ टेकता येते. ज्वारीच्या भाकरीसाठी वृषालीला पहाटे उठावं लागलं असतं. मला इडली फार आवडू लागली आहे असं मी सांगून टाकलं.

खालचा वॉचमन तेलुगू माणूस आहे. पूर्वी ट्रकवर होता, तेव्हा इचोड्याच्या ढाब्यावर जेवायला थांबायचा. आम्ही दोघं रोज इचोड्याच्या गप्पा मारायचो. आता त्याची दुसरीकडे बदली झाली. नवा आहे तो मोबाइलमध्ये असतो.

पोरं मागच्या दारापाशी बसतात का? संध्याकाळी तिथे उजेड बराच वेळ राहतो. त्यांना सांग. विनयला आणि तुझ्या सासूसासऱ्यांना जयभीम. सासरे पडून असतात, त्यांची कूस बदलत जा. आमच्यावर जीव ठेव, काळजी ठेवू नकोस.

तुझा,
बाबा


हैदराबाद,
१० नोव्हेंबर २०२४

प्रिय प्रगती,
जयभीम.

फोनवर बोलताना बाबा शेजारी असतात, म्हणून मीही पत्रावर आलो. बाबांचं जेवण पार कमी झालंय. डॉक्टरांना दाखवलं, रोग काही सापडत नाही. परवा ऑफिसातून आलो तर ते चपला घालून दारामागे खुर्चीवर बसलेले. कुठे निघालात म्हणून विचारलं तर म्हणाले, कुठं नाही, बसून राह्यलो. पुन्हा चपला काढून आत गेले.

खरं सांगतो, मी हात वर केला तो तुझ्यासाठी. घरी सासरे अंथरुणाला खिळलेले, त्यात तुझी तलमडुगूची धावपळ. मला बाबा गावातच हवे होते. वृषालीने माझा जीव हलका व्हावा म्हणून हात वर केला. आणि तुलाही हे नकोच होतं, असं विनय काल फोनवर सहज बोलून गेला. मग हवं होतं तरी कुणाला?

भावावर राग नको धरूस. धरलास तरी उत्तर पाठव.

अमरदीप


इचोडा,
२४ नोव्हेंबर २०२४

ति. बाबा यांस,
सविनय जयभीम.

दादाचं पत्र आलं. तुम्ही लपवलंत ते सगळं कळलं. मी हात वर केला कारण दादाला तुम्हाला जवळ ठेवायचं असेल असं वाटलं. तुम्ही केलात तो आमच्या दोघांच्या डोक्यावरची काळजी जावी म्हणून. असे आपण सगळे एकमेकांच्या सुखासाठी हात वर करून बसलो, आणि ते सुख कुणाकडेच नव्हतं. मला रडू आलं बाबा, आणि तुमचा रागही आला.

याच आठवड्यात मी वर्गात उपयुक्ततावाद शिकवत होते. जास्तीत जास्त लोकांचं जास्तीत जास्त सुख ज्यात, ते योग्य, असं फळ्यावर लिहिलं. मजुराचं सुख आणि राजाचं सुख एकाच मापाने मोजायचं हे या विचाराने जगाला शिकवलं, कायदे त्याने बदलले, हे मी नेहमी अभिमानाने सांगते, कारण ते मी आधी तुमच्याकडून ऐकलंय. धरण किंवा रस्ता होताना उठवलेल्या चार घरांचं काय, हेही सांगते. पण एका मुलीने विचारलं की सगळ्यांनी आपलं सुखदुःख लपवलं तर मोजणाऱ्याने मोजायचं काय. मी तो प्रश्नही फळ्यावर लिहिला.

म्हणून आज रविवारी तलमडुगू गाठलं. पोरांना गोल बसवलं आणि विचारलं, गुरुजींना घर परत द्यायचं का? हात वर करा, पण या खेपेला ज्याने त्याने स्वतःचंच बघा. भराभर हात वर झाले. विमलबाई दारातून दोन्ही हात वर करून उभ्या होत्या, त्यांना कुणी विचारलंही नव्हतं! एक भाग्यश्री तेवढी मागच्या दारापाशी हात मांडीत ठेवून बसली होती. इंटरची, बारावीची परीक्षा देतेय. घर एका खोलीचं, त्यात माणसं आणि टीव्ही. बाकीच्यांनी तिला कोपराने ढोसलं, ती रडली, पण हात काही वर केला नाही.

असो. तुमच्याच नियमाने बहुमत तुमच्या बाजूने आहे. विमलबाई दोन वेळची भाकरी द्यायला आणि रात्री पडवीत झोपायला तयार आहेत. कधी निघताय तेवढं कळवा. दादाला मी सांगते. वाट बघणाऱ्या लेकीला फार ताटकळत ठेवू नका.

तुमची,
प्रगती


हैदराबाद,
३ डिसेंबर २०२४

चि. प्रगतीस,
बाबांचा जयभीम आणि मंगलकामना.

तुझं पत्र वाचलं आणि आधी पिशवी भरली. दोन धोतरं, चष्मा, तुझ्या आईचा फोटो. मग पत्र पुन्हा वाचलं. भाग्यश्रीपाशी आलो आणि पुढे जाता येईना.

ही बयनाबाईची नात ना? हिच्या बापाला मी शिकवलं. दहावीच्या आधीच तो मजुरीला गेला, घरात बसायला जागा नव्हती. मागच्या दारापाशी बसते म्हणालीस. मी आलो की माझी खाट तिथेच पडणार.

बाकीच्या पोरांनी मास्तरावरच्या मायेने हात वर केले. तू स्वतःचं बघा म्हणालीस तरी ती सगळी दुसऱ्याचंच बघत होती. भाग्यश्रीने खरं सांगितलं. सगळे ढोसत असताना खरं सांगायला किती बळ लागतं, हे मला कळायला हवं होतं. आमच्या घरात तसा हात एकदाच खाली राहिला होता, बोरीच्या वेळी. मी तो मोजला आणि सोडून दिला. या मुलीचा मला सोडवत नाही.

गावात दुसरी खोली बघू म्हणशील. मी येतो म्हटलं की कुणीतरी आपली खाट पडवीत काढणार, आणि वर म्हणणार की आमाले काही त्रास नाही गुरुजी. तुझ्याकडे यावं तर तिथे एक माणूस अंथरुणाला आहे, तुला दोन हातच आहेत. अमरदीपला दोष देऊ नकोस. तो परवा माझ्यासाठी भाकरी थापायला बसला होता. जाड झाली, करपली. मी खाल्ली.

तिला सांग, गुरुजींनी तुझा हात मोजला. दिवा नीट लागतो की नाही ते बघ. परीक्षा झाल्यावर दुसरी कुणी तिथे बसेल, हेही मला कळतं.

आता आयुष्यात पहिल्यांदाच मी माझं सांगतो. मला इथे करमत नाही. मला घरी यायचं आहे. आणि मी येणार नाही.

पिशवी रिकामी करून ठेवली आहे. जीव आहे तसाच ठेव, आणि पत्र लिहीत जा.

तुझा,
बाबा