बिनवासाचं दगडफूल

६ एप्रिल १९८२, वाशी

आलो एकदाचे! दादरच्या दीड खोलीतला संसार एका टेम्पोत मावला आणि खाडीपूल ओलांडून इथे उतरला. दोन खोल्या, स्वतःचं स्वयंपाकघर आणि चक्क गॅलरी! चारुलता गॅलरीत उभी राहून म्हणाली की मसाल्याचं सामान वाळवायला आता कुणाची परवानगी नको. आमच्या बायकोला राजवाडा दिला तरी आधी मिरच्या कुठे वाळतील ते पाहील. चार वर्षांची वैशाली रिकाम्या खोल्यांतून नुसती उधळली होती. शेवटी धरून तळपायाला गुदगुल्या केल्या, तेव्हा खिदळत आडवी झाली.

उद्यापासून नोकरी. न्हावा गावाकडे बंदर होणार, त्याच्या रस्त्यात येणाऱ्या झाडांची नोंद करायची. झाडपाला शिकून पोट भरत नाही म्हणणाऱ्या आमच्या तीर्थरूपांना कळवायला हवं.

१४ एप्रिल

आज घबाड सापडलं! न्हावा गावाच्या वाटेवर देवजी म्हणून एका शेतकऱ्याच्या वाडीत जुना आंबा आहे. त्याच्या खोडावर दगडफूल. लांबून वाटेल, आपल्या मसाल्यातलंच. वरून राखाडी, खालून काळं, कडा झालरीसारख्या. पण नेहमीचं दगडफूल भिजलं की मऊ पडून हिरवट होतं, चुरडलं की वास येतो, खरवडून ब्लीचिंग पावडरच्या पाण्याचा थेंब टाकला की लाल होतं. याला भिजवलं, चुरडलं, थेंब टाकला. ढिम्म! काहीच न होणं हीच याची ओळख. अशी नोंद पूर्वी एकदाच कुणीतरी केली आहे, तीही अर्धवट. आता कदाचित माझं नाव लागेल याला. मी भलताच खुशीत आहे.

देवजीला मात्र कौतुक नाही. "झार जिता हाय, पन घाव घातला तरी चीक येत नाय," एवढंच म्हणाला.

नमुना वर्तमानपत्राच्या पुडीत बांधला. परतताना चारूच्या मसाल्यासाठी वाण्याकडून दगडफूल घेतलं, तीही तसलीच पुडी. घरी येताच एक तिच्या हातात दिली, एक कपाटात ठेवली.

१८ एप्रिल

वर्षाचा गोडा मसाला झाला. दगडफूल जुनं दिलं म्हणून चारू वाण्यावर करवादली. आमटी मात्र अशी झाली की मी तीनदा वाटी पुढे केली. वैशूला तिखट चालत नाही, तिचा आपला तूप-वरण-भात.

२ मे

सकाळी चहाने जीभ पोळली, ते आरशात पाहिल्यावर कळलं. चारूच्या हातावर कढईचा मोठा फोड आहे. कधी भाजलं ते तिला माहीत नाही. खाडीची हवा मानवत नसावी.

११ मे

चारूचे वडील गेल्याची तार आली. तिने वाचली, घडी घातली आणि कुकर लावला. तिला जवळ घ्यायला हवं होतं. मला भूक लागली होती. आजोबांसाठी एकटी वैशू रडली.

१७ मे

नमुना तज्ज्ञांकडे पाठवायचा म्हणून कपाटातली पुडी सोडली. वास आला. खरवडून थेंब टाकला. लाल. पुन्हा टाकला. लाल. हे वाण्याचं. म्हणजे मी चारूला दिलं ते —

महिनाभर आम्ही ते खातो आहोत. मी घाबरायला हवं. खुर्चीत बसून वाट पाहिली. भीती आली नाही.

चारूला सांगितलं. ती 'हं' म्हणाली. मसाला फेकायचं ठरलं. पण दुसऱ्या कशालाच चव लागत नाही. जेवून फेकू म्हटलं.

२२ मे

फेकला नाही. माझ्या दंडावर राखाडी डाग, कडा झालरीसारख्या. चारूच्या मानेवर तसाच. सुई टोचली. रक्त नाही.

वैशूने माझ्या तळपायाला गुदगुल्या केल्या. मी पेपर वाचत होतो. मग आईला केल्या. मग कोपऱ्यात बसून खूप रडली. म्हणाली, हे माझे आईबाबा नाहीत.

तिच्या खडूने स्वयंपाकघराच्या भिंतीवर लिहिलं: वैशूला मसाला द्यायचा नाही. मनात राहत नाही, म्हणून लिहिलं.

२९ मे

भिंतीवरचं वाचलं. अक्षर माझंच. वैशू विचारते, तुमची आमटी मला का नाही — तिला एकटं वाटतं म्हणाली. ती एकटीच हसते. एकटीच रडते.

३१ मे

चारूने तिला आमटी वाढली. मी पाहत होतो. नको म्हणायचं होतं — तोंडात घास होता.

९ जून

वैशू रोज मागते. रडणं थांबलं. शहाणी झाली, चारू म्हणते.

भिंतीवरचं पुसलेलं आहे. कुणी ते —

१४ जून

एक गोष्ट तपासायची राहिली. तिला मांडीवर घेतलं. तळपाय हातात धरला. बोट फिरवलं.

पुन्हा फिरवलं.

ती माझ्याकडे बघते आहे आणि