पिशवीसकट

९ मे
निलंग्याहून, लेकीच्या, सुनीच्या सासरहून, व्याहीबुवांचा फोन. नवं घर, १५ला वास्तू. "फाटकापासून पायरीपर्यंत जास्वंद, कण्हेर, फुललेली पायजे. कुंड्या नकोत, जमिनीत लावा. व्याह्याची नर्सरी अन् आमचं अंगण बोडकं?" म्हणलं, मिरगात लावून देतो. "पाहुणे काय मिरगात येणार हायत?"
मागून विहीणबाई: "लेकीला द्यायचं म्हणलं की ह्यांना मुहूर्त लागतो."
आपले कान तिखट. नको ते आधी ऐकू येतं.

१२ मे
टेम्पोत प्लास्टिकच्या पिशवीतली तीस झाडं घेऊन गेलो. जमीन तवा, भेगेत हात जातोय. पिशवी फाडून लावली तर आठ दिवसांत जळतील, अन् बोल सुनीला. म्हणून फाडल्याच न्हाईत. पिशवीसकट पुरली, वर माती. रोज पाणी घातलं तर तगतील. मिरगात उकरून नीट लावायची. फक्त सुनीला सांगितलं. "मामंजींना सांगा की, आप्पा." म्हणलं, तू गप राहा.

१५ मे
वास्तू थाटात. लोक फाटकाशी फोटो काढून राहिले. व्याहीबुवांचा हात माझ्या खांद्यावर. बरं वाटलं. खोटं कशाला लिहू.

२८ मे
पाइपासाठी चर खणताना गड्याची कुदळ पिशवीत अडकली. मग दोन-चार उकरून बघितली म्हणे. व्याहीबुवा फोनवर: "परत न्यायची व्हती का? जिंदगीभर लोकायला असंच गंडवलं असंल!" समजावलं. हसले नुसते.
त्यांच्याकडून फोन चालूच राहिला. विहीणबाई: "तुला ठाऊक व्हतं?"
मग सुनी: "हाव."

३० मे
सुनी म्हणे, "सध्या येऊ नका, आप्पा. मी पाणी घालून राहिले."
व्याह्याला तोंडावर न्हाई म्हणायची छाती नव्हती. त्यालाच हुशारी समजलो.

९ जून
मिरग लागला. माती मुठीत धरली की गोळा होतोय. हीच वेळ. दिवसभर गिऱ्हाइकांना सांगतोय, आता लावा, थांबू नका. निलंग्याची तीस पिशवीतच. मुळं आतल्या आत गोल फिरली की झाड खुंटतं.
व्याही फोन उचलत न्हाईत.

११ जून
सुनीचा फोन. दबक्या आवाजात, "आप्पा, पिशवी कुठून फाडायची?"
म्हणलं, बुडातून. ब्लेडनं. आतला मातीचा गोळा फुटू द्यायचा न्हाई.
मागं विहीणबाईंच्या बांगड्या वाजल्या. सुनी लगेच मोठ्यानं, "हाव, जेवले. तुमी?"
म्हणलं, जेवलो.
तिनं फोन बंद केला न्हाई. मीही न्हाई. कानाला लावून बसलो, खुरप्याचा आवाज येतो का म्हणून.