लग्न आणि सामना एकाच शनिवारी

मिनेसोटा, फेब्रुवारी १९११

तीर्थरूप हॅल्वरदादास,

इंगेबोर्गचा नमस्कार. तुझा गुडघा या थंडीत कसा आहे आणि नवी गाय अजून लाथा मारते का, ते सवडीने कळव. वहिनींना नमस्कार सांग. मी ठणठणीत आहे.

तुझं पत्र पोचलं. मार्गिटचं लग्न येत्या शनिवारी आहे आणि तिच्या धाकट्या बहिणीने शुक्रवारी घरी पोचलंच पाहिजे, हा तुझा हुकूम मी डॅग्नीला जसाच्या तसा वाचून दाखवला. त्याच शनिवारी इथे सीडर क्रॉसिंग कॉलेजच्या मुलींशी आमचा बास्केटबॉलचा शेवटचा सामना आहे. आमच्या मुली या हंगामात एकदाही हरलेल्या नाहीत, आणि डॅग्नीशिवाय हा सामना जिंकणं अवघड आहे. (तारीख धरताना तू फक्त सोमवारचा डुकरांचा बाजार आड येत नाही ना, एवढंच पाहिलंस, असं ऐकते.) त्याबद्दल मला काही म्हणायचं नाही. मुलगी तुझी आहे. पण तिला इथे माझ्या कॉलेजात ठेवताना तू जबाबदारी माझ्यावर टाकली होतीस, म्हणून हंगामाची हकीकत कळवणं माझं कर्तव्य समजते.

हा खेळ मला मुळीच पसंत नव्हता. मी शिकत होते तेव्हा आम्हाला हलके डंबेल्स हलवायला देत, तेही घाम येणार नाही इतपतच. प्राचार्यांनी मुलींच्या संघावर देखरेख करायला सांगितलं, तेव्हा नाताळच्या आत हे थेर बंद पाडायचं असं ठरवूनच मी होकार दिला. सामन्याच्या वेळी पुरुषांना सभागृहात मज्जाव होता. पहिल्याच सामन्याला मागच्या खिडकीला शिडी लावलेली दिसली. वर केसाळ टोपी घातलेला एक इसम काचेला नाक लावून उभा होता. तो खिडकीच्या कट्ट्यावर चढताच मी शिडी काढून घेतली. (त्या गारठ्यात माणसाला पश्चात्ताप लवकर होतो.) सामना संपल्यावर वरून प्राचार्यांचा आवाज आला, "बाई, मी फक्त खिडकीची फट बघत होतो हो!" दुसऱ्याच दिवशी सूचना लागली, की पुरुषांनी पत्नीसह यायला हरकत नाही. त्यानंतर गावातल्या बऱ्याच रेंगाळलेल्या सोयरिकी घाईने जुळल्या.

जानेवारीत परगावच्या सामन्याला जाताना आमची आगगाडी बर्फात अडकली. मुली फावडी मागायला गेल्या, तर गार्ड म्हणाला, "पोरींनो, आत बसा. हे पुरुषांचं काम आहे."

"मग पुरुष कुठे आहेत, काका?" डॅग्नी म्हणाली. "आत तर नुसते पत्ते खेळणारे दिसताहेत."

फुगीर विजारी घातलेल्या आमच्या मुलींनी रूळ मोकळे केले. (मी कंदील धरला. कोणीतरी धरायलाच हवा होता.) गावात पोचल्यावर त्यांनी शेगडीवर मोजे वाळवले, ओल्या बुटांनी मैदानात उतरल्या आणि जिंकल्या. दादा, एकीनेही कुरकुर केली नाही. फाउल झाला की टोपलीत चेंडू टाकायला आमच्याकडून नेहमी डॅग्नीच उभी राहते. दोन्ही हातांनी, खालून, बादलीतलं दूध हौदात ओतावं तशी ती तो सहज सोडते. समोरचे लोक शिट्ट्या मारत असतात, पाय आपटत असतात. तिची पापणी हलत नाही. इतकी वर्षं मी मुलींना शांत राहायला शिकवते आहे. शांत राहणं दिसतं कसं, ते मला तेव्हा कळलं.

काल तू पाठवल्याप्रमाणे मार्गिट तिला न्यायला आली. सराव चालू होता.

"चल, गाशा गुंडाळ. बाबा वाट बघताहेत."

"ताई, एवढे चार टाकते आणि निघते."

"लग्न माझं आहे, महाराणी! लेफ्सेच्या पोळ्यांचा ढीग भाजायचा पडलाय, तो कोण भाजणार?"

"भाजते गं. आधी एक टाकून दाखव बघू. नुसतं तोंडच चालतं तुझं."

मार्गिटने हातमोजे काढले. चेंडू शेगडीच्या धुराड्यावर बसला आणि सगळी काजळी माझ्या अंगावर आली. "टोपलीच वाकडी लावलीय," असं म्हणून ती अंधार पडेपर्यंत टाकत राहिली. मग डॅग्नी मुकाट्याने सामान भरायला गेली. जिन्यावर बसून ती रडली, असं मुलींनी मला सांगितलं. मी पाहिलं नाही. मी काजळी धूत होते.

असो. तिची पेटी दाराशी आहे. वडिलांचा शब्द मोडायचा नाही, असं ती म्हणते, आणि मीही तिला तेच शिकवलं आहे.

तुझी आज्ञाधारक बहीण,
इंगेबोर्ग

ता. क. लग्न पुढच्या बुधवारी ठेवता येईल का? चर्चचे पाळक ब्रँडवोल्ड यांची हरकत नाही. मी त्यांना तुझ्या नावाने तार केली होती. (तारेत 'कृपया' हा शब्द पाहून त्यांना जरा संशय आला, पण होकार आला.) आपण शब्द फिरवला, असं तू आता डॅग्नीला स्वतः कळवलंस की पेटी उघडता येईल. तार करणार असलास तर आजच कर.

आणखी एक. मार्गिट शनिवारपर्यंत इथून हलायला तयार नाही. तिने नवऱ्या मुलालाही बोलावून घेतलं आहे, आणि पाळक त्याच गाडीने येताहेत. शनिवारीच लग्न लावायचा तुझा आग्रह असेल, तर तिकडे तू एकटा असशील.

शेवटचं. आलास तर पुढच्या बाकावर बसू नकोस. ती जागा वहिनींची आहे. आपल्या बहिणीच्या आजारपणाला जाते म्हणून त्या नाताळापासून जितक्या वेळा घरून निघाल्या, तितक्या वेळा तिथेच बसल्या होत्या. आता तुला सांगायला हरकत नाही, असं त्यांनीच कळवलं आहे. त्यांच्या मागे बस, पण जरा अंतर ठेवून. चेंडू टोपलीत पडला की त्या छत्री फिरवतात.